पुस्तकाची पारख

छापलेले ते सारे खरे, अशी एक समजूत समाजात फार दिवसांपासून रूढ आहे. एखाद्या गोष्टीविषयी वाद निघाला आणि कोणी ‘अमुक पुस्तकात तसे लिहिले आहे’ असे म्हटले, की पुष्कळदा तो वाद तेथेच मिटतो. त्यातही ते पुस्तक एखाद्या विद्वानाचे असेल आणि त्याची भाषा शास्त्रीय असेल, तर त्याविषयी शंका घेण्याचे धैर्य सहसा कोणाला होत नाही. हा आदर अनाठायी नव्हे. मानवाने मिळविलेले ज्ञान पिढ्यान्‌पिढ्या पुस्तकांनीच सांभाळले आहे. परंतु सोनाराच्या पेढीवर आलेले सोनेदेखील कसोटीच्या दगडावर घासल्यावाचून कोणी घेत नाही. मग ज्ञानाच्या पेठेत आलेले पुस्तक कसोटीवाचून का घ्यावे? ही कसोटी कोणती आणि ती न लावल्यास काय घडते, हे १९५४ साली अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका पुस्तकाच्या इतिहासावरून चांगले समजते. ते पुस्तक मुलांच्या एका आवडत्या वस्तूविषयी, म्हणजे चित्रकथांविषयी होते.

चित्रकथा म्हणजे चौकटीमागून चौकट अशा चित्रांच्या मालिकेतून सांगितलेली गोष्ट. पात्रांच्या तोंडची वाक्ये चित्रातच एका फुग्यासारख्या आकारात लिहिलेली असतात. या प्रकाराला इंग्रजीत ‘कॉमिक्स’ म्हणतात आणि तोच शब्द आता मराठीतही रुळला आहे. १९३८ साली अमेरिकेत ‘ॲक्शन कॉमिक्स’ या मासिकाच्या पहिल्या अंकात ‘सुपरमॅन’ हा अद्भुत शक्तीचा नायक अवतरला. जेरी सीगल या तरुण लेखकाने आणि जो शूस्टर या तरुण चित्रकाराने त्याची निर्मिती केली होती. तेव्हापासून चित्रकथांना अभूतपूर्व लोकप्रियता लाभली. एका अंकाची किंमत अवघी दहा सेंट असल्यामुळे खाऊच्या पैशांतून मुले हे अंक विकत घेत, वाचून झाल्यावर एकमेकांत अदलाबदल करीत आणि पाने सुटेपर्यंत पुन्हा पुन्हा वाचीत. १९४० ते १९५० या दशकात झालेल्या पाहण्यांत शाळकरी मुलांपैकी शेकडा नव्वदांहून अधिक मुले चित्रकथा वाचतात असे आढळून आले. हा आकडा ध्यानात ठेवणे अवश्य आहे. कारण पुढील हकीकतीत त्याचे फार महत्त्व आहे.

दुसरे महायुद्ध १९४५ साली संपले. त्यानंतर चित्रकथांचे स्वरूप पालटू लागले. विनोदी गोष्टी आणि शूर नायकांच्या कथा होत्याच. परंतु त्यांच्या जोडीला चोर-दरोडेखोरांच्या आणि भुताखेतांच्या अत्यंत भीषण कथा निघू लागल्या. कित्येक मुखपृष्ठांवर हत्येची व क्रौर्याची दृश्ये भडक रंगांत रंगविलेली असत. दर महिन्याला कित्येक कोटी अंक खपत होते आणि मुलाच्या हाती काय पडते याकडे पाहणारे कोणी नव्हते. पालकांना आणि शिक्षकांना याची चिंता वाटू लागली, यात नवल नाही. परंतु चिंतेचे रूपांतर लवकरच संतापात झाले. १९४८ साली न्यूयॉर्क राज्यातील बिंगहॅम्टन या गावी शाळेच्या आवारात मुलांकरवी चित्रकथांची होळी करण्यात आली. इतरही काही गावांत असेच प्रकार घडले. जर्मनीत १९३३ साली नाझी राजवटीत झालेल्या पुस्तकांच्या होळ्या लोकांच्या स्मरणात ताज्या होत्या. तरीही या नव्या होळ्यांभोवती उभ्या असलेल्या अनेक वडीलधाऱ्या माणसांना आपण मुलांचे हितच करीत आहो, असे मनापासून वाटत होते.

याच सुमारास चित्रकथांविरुद्ध एक अधिकारी आवाज उठला. तो डॉ. फ्रेडरिक वर्थम यांचा होता. वर्थम यांचा जन्म जर्मनीत १८९५ साली झाला. वैद्यकाचे शिक्षण पूर्ण करून ते १९२२ साली अमेरिकेत आले आणि मनोविकारांचे तज्ज्ञ म्हणून नावारूपास आले. मोठमोठ्या रुग्णालयांत त्यांनी काम केले. परंतु केवळ धनिकांवर उपचार करून ते स्वस्थ बसले नाहीत. न्यूयॉर्क शहराच्या हार्लेम भागात कृष्णवर्णीय लोकांची मोठी वस्ती होती. या लोकांना मानसिक आजारावर उपचार मिळणे जवळजवळ अशक्य होते. १९४६ साली वर्थम यांनी काही सहकाऱ्यांच्या साहाय्याने तेथील एका चर्चच्या तळघरात ‘लाफार्ग चिकित्सालय’ सुरू केले. शुल्क अवघे पंचवीस सेंट होते आणि ज्याच्यापाशी तेवढेही नसतील त्याच्यावर विनामूल्य उपचार होत. डॉक्टर व परिचारिका वेतन न घेता सायंकाळी तेथे येऊन काम करीत.

त्या काळी अमेरिकेच्या अनेक राज्यांत गोऱ्या आणि काळ्या मुलांच्या शाळा वेगवेगळ्या असत. या अन्यायाविरुद्ध डेलावेअर राज्यात जो खटला चालला, त्यात वर्थम यांनी साक्ष दिली. दोन्ही वर्णांच्या मुलांना तपासून, अशा विभक्त शाळांमुळे मुलांच्या मनावर आघात होतो, असे त्यांनी न्यायालयाला सांगितले. हा खटला पुढे इतर काही खटल्यांसह सर्वोच्च न्यायालयापुढे गेला आणि मे १९५४ मध्ये वर्णभेदावर आधारलेल्या शाळा घटनाबाह्य आहेत असा ऐतिहासिक निर्णय लागला. तात्पर्य, वर्थम हे दुर्बलांचा कैवार घेणारे आणि मुलांविषयी खरा कळवळा असणारे गृहस्थ होते. पुढील हकीकत वाचताना ही गोष्ट विसरून चालणार नाही.

चिकित्सालयात येणाऱ्या मुलांशी बोलताना वर्थम यांना एक गोष्ट वारंवार आढळे. चोरी, मारामारी, शाळा बुडविणे अशा कारणांमुळे ज्यांना त्यांच्याकडे आणले जाई, ती मुले चित्रकथांची भोक्ती असत. यावरून त्यांच्या मनाने असे घेतले, की चित्रकथा हेच बालगुन्हेगारीचे एक मोठे कारण आहे. १९४८ पासून त्यांनी या विषयावर लेख लिहिले, भाषणे दिली आणि एप्रिल १९५४ मध्ये ‘सिडक्शन ऑफ द इनोसंट’ हे पुस्तक प्रसिद्ध केले. ‘निष्पापांना घातलेली भुरळ’ असा या नावाचा अर्थ होतो. पुस्तकात चित्रकथांतील भयंकर चित्रांचे नमुने होते आणि अनेक मुलांच्या हकीकती होत्या. अमुक वयाचा मुलगा असे म्हणाला, तमुक मुलीने असे केले, अशी ती वर्णने वाचून वाचकाच्या अंगावर काटा उभा राहत असे.

या पुस्तकात काही गोष्टी रास्त होत्या. कित्येक चित्रकथांत काळ्या किंवा पिवळ्या वर्णाची माणसे रानटी किंवा दुष्ट म्हणून रंगविलेली असतात आणि त्यामुळे लहानपणीच मुलांच्या मनात परक्यांविषयी तिरस्कार रुजतो, हा वर्थम यांचा आक्षेप खरा होता. लहान मुलांच्या हाती क्रौर्याची चित्रे सरसकट पडू नयेत, हे त्यांचे म्हणणेही अनेकांना पटण्याजोगे होते. परंतु चित्रकथा आवडीने वाचणाऱ्या सर्वच मुलांना त्यांच्यापासून धोका आहे, असे वाचकाला वाटावे, अशी त्या पुस्तकाची एकंदर मांडणी होती. सुपरमॅनसारखे नायकही त्यांच्या टीकेतून सुटले नाहीत.

पुस्तक प्रसिद्ध झाल्यावर दोनच दिवसांनी, २१ एप्रिल १९५४ रोजी, अमेरिकन सिनेटच्या एका उपसमितीने न्यूयॉर्क येथे या प्रश्नाची जाहीर चौकशी सुरू केली. त्या दिवशी वर्थम यांची साक्ष झाली आणि ‘ई. सी. कॉमिक्स’ या संस्थेचे तरुण प्रकाशक विल्यम गेन्स हेही समितीपुढे आले. गेन्स यांच्या एका मासिकाच्या भीषण मुखपृष्ठाचा अंक हाती धरून सिनेटर कीफॉव्हर यांनी त्यांना विचारले, की हे सुरुचीला धरून आहे काय? भयकथेच्या मुखपृष्ठाच्या मानाने ते सुरुचीला धरून आहे, असे उत्तर गेन्स यांनी दिले. दुसऱ्या दिवशीच्या वृत्तपत्रांत हे उत्तर झळकले आणि लोकमत चित्रकथांच्या अधिकच विरुद्ध गेले. अनेक मुलांनी आपल्या आवडत्या मासिकांची बाजू घेऊन समितीला पत्रे लिहिली. परंतु ज्यांच्या हिताविषयी एवढी चर्चा चालली होती, त्यांच्या म्हणण्याला त्या चर्चेत फारसे स्थान मिळाले नाही.

सरकारने बंदी घालावी अशी शिफारस समितीने केली नाही. परंतु लोकक्षोभाच्या भीतीने प्रकाशकांनी आपली एक संघटना स्थापन करून ऑक्टोबर १९५४ मध्ये एक कडक आचारसंहिता स्वीकारली. प्रत्येक गोष्टीत सज्जनांचाच विजय झाला पाहिजे. पोलीस, न्यायाधीश व शासनसंस्था यांच्याविषयी अनादर उत्पन्न होईल असे काही दाखवू नये. पिशाच, रक्तपिपासू प्रेत वगैरे पात्रे आणू नयेत. मासिकाच्या नावात भयाचा निर्देश नसावा, अशी तिची अनेक कलमे होती. प्रत्येक अंक छापण्यापूर्वी तपासून घ्यावा लागे आणि तो संमत झाल्यास मुखपृष्ठावर एक शिक्का उमटविण्यात येई. कायद्याने हा शिक्का सक्तीचा नव्हता. पण शिक्का नसलेले अंक वितरक उचलीत नसत आणि विक्रेते दुकानात मांडीत नसत. त्यामुळे व्यवहारात तो कायद्याइतकाच बलवान ठरला.

परिणाम दिसावयास वेळ लागला नाही. मासिके भराभर बंद पडली. कित्येक प्रकाशनसंस्थांनी गाशा गुंडाळला. शेकडो चित्रकार, लेखक आणि अक्षरे काढणारे कारागीर यांचा धंदा बसला. त्यांपैकी अनेक जण पुन्हा कधीही या क्षेत्राकडे वळले नाहीत. गेन्स यांच्या भयकथा बंद झाल्या. त्यांचे ‘मॅड’ हे विनोदी प्रकाशन तेवढे वाचले; कारण १९५५ साली त्याचा आकार व स्वरूप बदलून ते मोठ्यांच्या मासिकांसारखे करण्यात आले आणि त्यामुळे संहितेच्या कक्षेबाहेर राहिले.

आचारसंहिता कशी चालली याचे एक उदाहरण उद्बोधक आहे. गेन्स यांच्या संस्थेने १९५३ साली ‘न्यायाचा दिवस’ अशा अर्थाच्या नावाची एक विज्ञानकथा छापली होती. पृथ्वीवरील एक अंतराळवीर यंत्रमानवांच्या ग्रहावर जातो. तेथील नारिंगी यंत्रमानव सुखात राहतात आणि निळ्या यंत्रमानवांना हलक्या वस्तीत हलकी कामे करावी लागतात. दोघांची आतील रचना मात्र अगदी सारखी असते. अंतराळवीर ते पाहतो आणि हा ग्रह अद्याप सुसंस्कृत राष्ट्रांच्या संघात येण्यास पात्र झालेला नाही असा निर्णय देतो. शेवटच्या चौकटीत तो आपले शिरस्त्राण काढतो तेव्हा वाचकाला दिसते, की तो वीर कृष्णवर्णीय आहे. ही कथा १९५६ च्या आरंभीच्या अंकात पुन्हा छापावयाची असता, नायक कृष्णवर्णीय असू नये असा आग्रह संहितेच्या अधिकाऱ्याने धरला. गेन्स यांनी तो साफ नाकारला आणि कथा जशीच्या तशी छापली. ज्या वर्णभेदाविरुद्ध वर्थम यांनी आयुष्यभर झुंज दिली, त्याच वर्णभेदाविरुद्ध लिहिलेली कथा, त्यांच्या चळवळीने बळ दिलेल्या नियमांच्या नावाखाली अडविली गेली, हा दैवदुर्विलासच म्हटला पाहिजे.

ही लाट अमेरिकेपुरती राहिली नाही. कॅनडाने १९४९ साली गुन्ह्यांच्या चित्रकथांविरुद्ध कायदा केला होता. इंग्लंडने १९५५ साली तसाच एक कायदा केला. भारताच्या संसदेनेही १९५६ साली अल्पवयीनांना अपायकारक अशा प्रकाशनांविषयीचा कायदा मंजूर केला. गुन्हे, क्रौर्य व बीभत्स प्रसंग यांचे चित्रण करून कोवळ्या मनांना बिघडवू शकतील अशी प्रकाशने त्याच्या कक्षेत आली. असे कायदे करण्यामागील मुलांविषयीची काळजी समजण्याजोगी आहे. प्रश्न एवढाच होता, की चित्रकथांमुळे मुले गुन्हेगार होतात हे खरोखर सिद्ध झाले होते काय?

त्या काळीही हा प्रश्न विचारणारे काही विद्वान होते. न्यूयॉर्क विद्यापीठातील समाजशास्त्रज्ञ फ्रेडरिक थ्रॅशर हे त्यांपैकी एक होत. शिकागो शहरातील मुलांच्या १,३१३ टोळ्यांचा अभ्यास करून त्यांनी १९२७ साली एक मोठा ग्रंथ लिहिला होता. बालगुन्हेगारीविषयी बोलण्याचा त्यांचा अधिकार मोठा होता. वर्थम यांचे लेख वाचून त्यांनी १९४९ सालीच लिहिले, की या निष्कर्षांना पुरेसा आधार दिलेला नाही. मूल गुन्ह्याकडे का वळते याला घर, गरिबी, शेजार, सोबत, प्रकृती अशी अनेक कारणे असतात. ती सारी बाजूला सारून एकाच वस्तूवर दोष लादणे सोपे असते. मोठ्या माणसांना आपल्या काळजीसाठी असे एखादे निमित्त नेहमी लागते, हेही त्यांनी दाखवून दिले. चित्रकथांपूर्वी चित्रपटांना दोष दिला जात होता आणि त्यापूर्वी स्वस्त कादंबऱ्यांना. १८८३ साली अँथनी कॉमस्टॉक या गृहस्थांनी एक संपूर्ण पुस्तकच लिहून अशा स्वस्त गोष्टींना मुलांसाठी लावलेला सापळा म्हटले होते.

थ्रॅशर यांच्या आक्षेपाचे मर्म एका साध्या उदाहरणाने कळेल. कोकणातील एखाद्या गावात दहा मुलांना पडसे झाले. वैद्याने चौकशी केली तेव्हा असे कळले, की त्या दहाही मुलांनी आदल्या दिवशी भात खाल्ला होता. एवढ्यावरून भात खाल्ल्याने पडसे होते असा निष्कर्ष त्याने काढला, तर गावातील लोक हसतील. कारण ज्यांना पडसे झाले नाही त्या मुलांनीही भातच खाल्ला होता. चित्रकथांची गोष्ट अशीच होती. शंभरांतील नव्वदांहून अधिक मुले त्या वाचीत असता, गुन्हा केलेली मुलेही त्या वाचीत असणारच. वर्थम यांनी पाहिली ती मुख्यतः अडचणीत सापडलेली मुले. चित्रकथा वाचूनही जी सुखाने शाळेत जात होती आणि घरी नीट वागत होती, अशा मुलांशी त्यांची पद्धतशीर तुलना त्यांनी केली नाही. दोन गोष्टी एकत्र आढळल्या म्हणजे एक दुसरीचे कारण असतेच असे नाही. हा शास्त्राचा एक अगदी पहिला नियम आहे.

तुलनेचा अभाव हा विचारपद्धतीतील दोष झाला. परंतु त्याहून गंभीर दोष कित्येक वर्षे कोणाच्याही दृष्टीस पडला नाही. वर्थम १९८१ साली मरण पावले. त्यांची टिपणे, पत्रे आणि रुग्णांचे कागद वॉशिंग्टन येथील ‘लायब्ररी ऑफ काँग्रेस’ या विख्यात ग्रंथालयात ठेवण्यात आले होते. दोनशेहून अधिक खोक्यांत भरलेले हे दप्तर २०१० साली अभ्यासकांना खुले झाले. इलिनॉय विद्यापीठात ग्रंथालयशास्त्र शिकविणाऱ्या कॅरल टिली या विदुषी ते पाहण्यास गेल्या. त्यांचा शोध वेगळ्याच विषयाचा होता. परंतु टिपणे वाचता वाचता त्यांना काही वाक्ये ओळखीची वाटली आणि तरीही पुस्तकातल्यासारखी वाटेनात. तेव्हा त्यांनी एक साधे, पण अत्यंत कष्टाचे काम हाती घेतले. मूळ टिपण एका बाजूस आणि छापील पान दुसऱ्या बाजूस ठेवून त्या ओळीमागून ओळ ताडून पाहू लागल्या.

या पडताळणीत जे आढळले ते त्यांनी २०१२ साली ‘इन्फर्मेशन अँड कल्चर’ या संशोधनपत्रिकेत प्रसिद्ध केले. अनेक ठिकाणी मुलांच्या बोलण्यात फेरफार केलेला होता. कोठे एका मुलाचे उद्गार दोन-तीन मुलांच्या नावावर वाटून दिलेले होते, तर कोठे अनेकांचे बोलणे एकाच्या तोंडी घातलेले होते. काहींची वये बदललेली होती. सहकाऱ्यांकडून कळलेल्या काही हकीकती वर्थम यांनी स्वतः पाहिल्याप्रमाणे मांडल्या होत्या. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, एखाद्या मुलाच्या घरी मारहाण होत असे किंवा तो वाईट टोळीत सापडला होता, अशा नोंदी टिपणांत स्पष्ट असूनही पुस्तकात त्या गाळलेल्या होत्या. आणि मग चित्रकथा हेच त्याच्या वर्तनाचे कारण म्हणून उरत असे. हे मूळ कागद ग्रंथालयाने जपून ठेवले नसते, तर ही गोष्ट बहुधा कधीच उजेडात आली नसती.

एवढ्या दयाळू आणि विद्वान माणसाने असे का करावे, हा प्रश्न साहजिक आहे. त्याला यातून धन मिळवावयाचे होते असे म्हणण्यास आधार नाही. आपला निष्कर्ष खराच आहे अशी त्याची खात्री होती आणि ती खात्री पुराव्याच्या आधीच पक्की झाली होती. मग जो पुरावा जुळेना त्याला थोडा वाकवावा, जो आड येईल तो बाजूला ठेवावा, असा मोह त्याला झाला असावा. मुलांचे कल्याण होणार असेल तर एवढ्याने काय बिघडते, असेही एखाद्याला वाटेल. परंतु बिघडले पुष्कळ. ज्या मुलांच्या घरी खरोखर मारहाण होत होती, त्यांचे खरे दुःख वाचकांपासून लपले. लोक चित्रकथांच्या मागे लागले आणि गरिबी, भेदभाव, निराधारपणा या कारणांकडे, ज्यांची जाणीव वर्थम यांच्याइतकी फार थोड्यांना होती, त्यांचे दुर्लक्ष झाले. निरपराध माणसांची पोटे मारली गेली. शेवटी वर्थम यांच्या रास्त म्हणण्यावरचाही लोकांचा विश्वास उडाला. हेतू चांगला असला तरी पुरावा खोटा असू शकतो, आणि खोटा पुरावा चांगल्या हेतूचेच नुकसान करतो.

विद्येचे एक मोठे सामर्थ्य असे, की ती आपल्या चुका स्वतः शोधून काढते. १९९८ साली एमी नायबर्ग यांनी आचारसंहितेचा साधार इतिहास लिहिला. २००५ साली कॅनडातील बार्ट बीटी यांनी वर्थम यांच्या विचारांवर स्वतंत्र ग्रंथ लिहून, त्यांना केवळ खलनायक ठरविणे योग्य नाही, त्यांचे समाजविषयक चिंतन समजून घेतले पाहिजे असे प्रतिपादन केले. खुद्द वर्थम यांनी १९७३ साली चाहत्यांनी हौसेने काढलेल्या छोट्या मासिकांवर एक पुस्तक लिहून त्या तरुणांच्या कल्पकतेची प्रशंसा केली होती. चित्रकथेची रचना कशी असते, दोन चौकटींमधील कोऱ्या जागेत न दाखविलेला प्रसंग वाचकाचे मन कसे भरून काढते, याचे विवेचन स्कॉट मॅक्लाउड यांनी १९९३ साली केले. आणि नवल असे, की ते विवेचक पुस्तकही त्यांनी चित्रकथेच्याच रूपात लिहिले.

दरम्यान ती कडक आचारसंहिताही सैल होत गेली. १९७१ साली अमेरिकन सरकारच्या आरोग्य व शिक्षण विभागाच्या सूचनेवरून अमली पदार्थांचे दुष्परिणाम दाखविणारी एक ‘स्पायडरमॅन’ची कथा लिहिली गेली. अमली पदार्थांचा उल्लेख आहे एवढ्याच कारणावरून तिला शिक्का नाकारण्यात आला. प्रकाशकाने ती शिक्क्यावाचून छापली आणि लोकांनी तिचे स्वागत केले. पुढे नियम बदलले आणि २०११ साली शेवटच्या प्रकाशकांनीही संहिता सोडून दिली. भारतात तर मुंबईहून १९६४ साली ‘इंद्रजाल कॉमिक्स’ आणि १९६७ साली अनंत पै यांच्या संपादनाखाली ‘अमर चित्रकथा’ निघू लागली. मराठीसह अनेक भाषांतून ती घरोघर पोहोचली आणि पुराणातील व इतिहासातील कितीतरी कथांची पहिली ओळख मुलांना चित्रकथांतूनच झाली.

या साऱ्या हकीकतीतून पुस्तकाची पारख करण्याची कसोटी आपोआप हाती येते. लेखक आपली विधाने कशाच्या आधारावर करतो, हे त्याने सांगितले आहे काय? वर्थम यांच्या पुस्तकात विधानांना आधार दाखविणाऱ्या टीपा नव्हत्या. त्यामुळे वाचकाला पडताळा पाहण्याचा मार्गच नव्हता. त्याने आपल्या मताला अनुकूल तेवढीच उदाहरणे घेतली आहेत, की प्रतिकूल उदाहरणांचाही विचार केला आहे? तुलना केली आहे काय? दोन गोष्टी बरोबर घडल्या म्हणून त्यांत कार्यकारणसंबंध जोडला आहे काय? ज्यांच्याविषयी लिहिले, त्यांचे म्हणणे जसेच्या तसे दिले आहे काय? आणि वर्णन वाचून मन फार क्षुब्ध होत असेल, तर त्या क्षोभाच्या भरात पुराव्याकडे आपले दुर्लक्ष तर होत नाही ना? हे प्रश्न विचारणे म्हणजे लेखकाचा अनादर करणे नव्हे. प्रामाणिक लेखक अशा वाचकाची वाट पाहत असतो आणि त्याच्यासाठीच आपले आधार नमूद करून ठेवतो.

ही कसोटी विद्वानांच्या ग्रंथांपुरतीच नाही. वृत्तपत्रातील बातमी, सभेतील भाषण, हातोहात पसरणारा संदेश, या सर्वांना ती सारखीच लागू पडते. आजही मुलांच्या हातातील नवनव्या वस्तूंविषयी मोठ्या माणसांना काळजी वाटते आणि त्या काळजीला शास्त्राच्या भाषेचा आधार शोधला जातो. ती काळजी कधी खरी ठरेल, कधी अनाठायी ठरेल. त्याचा निवाडा पुराव्यानेच झाला पाहिजे. लेखकाची कीर्ती, भाषेचा डौल किंवा हेतूची थोरवी यांपैकी कशानेही पुराव्याची उणीव भरून निघत नाही. वॉशिंग्टनच्या ग्रंथालयात जुनी टिपणे आणि छापील पाने शेजारी शेजारी ठेवून शांतपणे ताडून पाहणाऱ्या त्या अभ्यासिकेने हेच केले. तिच्यापाशी कोणतेही अद्भुत सामर्थ्य नव्हते. काळजीपूर्वक वाचण्याची सवय आणि खरे काय ते शोधण्याची चिकाटी एवढेच तिचे भांडवल होते, आणि हे भांडवल कोणत्याही विद्यार्थ्याला जोडता येण्यासारखे आहे.